जवाई जिंकले, आंजी हरली

"कारंजावाल्याइले सांगून ठेवा, यंदा कप विसरून जा!" प्रभाकररावांनी आंजीच्या बसस्टँडवर, चहाच्या टपरीसमोर उभं राहून जाहीर केलं. "आपला कोच थेट ऑस्ट्रेलियातून येऊन राह्यला! अन् यंदा हरलो, तर मी मंडळाचं अध्यक्षपद सोडतो!"

हा कोच म्हणजे प्रभाकररावांच्या भाचीचा, यामिनीचा नवरा डॅरन. तिकडे तो मोठ्या संघातून फुटबॉल खेळलेला. गुडघा गेल्यावर गव्हाच्या शेतांमधल्या कुठल्याशा खेड्यात कोच झालेला. आता महिनाभर सासुरवाडीला येत होता. एवढी माहिती प्रभाकररावांना पुरेशी होती.

यामिनीनं फोनवर सांगून पाहिलं होतं. "मामा, त्याचा फुटबॉल येगळा आहे."

"येगळा आहे म्हणूनच तं बोलावला! आमच्या फुटबॉलनं आमी तीन वर्षं हरून राह्यलो!"

यामिनीसोबत डॅरन आला. दारातून आत येताना वाकावं लागेल एवढा उंच, खांदे बैलजोडीच्या जुवासारखे. त्यानं पिशवीतून चेंडू काढला. चेंडू अंड्यासारखा लांबट!

"अरे बापा, विमानात चेपला वाटते," प्रभाकरराव हळहळले आणि तो उचलून थेट पंक्चरवाल्याकडे गेले. पंक्चरवाल्यानं इतकी हवा भरली की चेंडू टरबुजासारखा टणक झाला, पण गोल काही होईना. "काकाजी, याची तब्येतच अशी आहे," त्यानं हात टेकले.

यामिनी मावशीकडे नागपूरला गेली आणि जवाई पूर्ण मामांच्या ताब्यात आले. डॅरनला मराठीतला एकच शब्द पक्का येत होता, होकाराचा. "हाव!"

"फुटबॉल? माय फुटबॉल?" त्यानं खात्री करून घेतली.

"येस, येस! फुटबॉल!" प्रभाकरराव म्हणाले.

दुसऱ्या दिवशी मैदानावर सराव सुरू झाला. डॅरननं दोन उंच बांबू रोवले. मधून चेंडू कितीही उंच गेला तरी सहा गुण, असं त्यानं बोटं दाखवून पोरांना समजावलं. मग चेंडू हातात धरून पळायला शिकवलं. मुठीनं ठोसा मारून चेंडू दुसऱ्याला द्यायला शिकवलं. आणि शेवटी समोरच्याच्या पाठीवर गुडघा टेकून, आंब्याच्या झाडावर चढावं तसं चढून हवेतला चेंडू झेलायला शिकवलं! पोरं तर बेहद्द खूश!

प्रभाकररावांचं डोकं गरगरायला लागलं. "जवाई, हे हात लावून राह्यले! म्याचमध्ये हात नाई न लावाचा?"

"हाव!" डॅरन अंगठा दाखवून हसला.

"मंग ठीक आहे," प्रभाकरराव म्हणाले. जवळच्या सचिनला, म्हणजे संघाच्या कॅप्टनला, त्यांनी हळूच समजावलं, "परदेशी टेक्निक असते. हातानं शिकवते, मंग पायात उतरते."

सामन्याच्या दिवशी कारंजाचा संघ आला, गोल चेंडू आला, बांबूंवर आडवी दांडीही चढली. शिट्टी वाजली. सचिननं पहिलाच चेंडू झेलला, बगलेत मारला आणि निघाला! रेफरी शिट्टी फुंकत मागे, कारंजाची पोरं बोंबलत त्याच्या मागे, आणि डॅरन बाहेरून नाचत, "हाव! हाव!"

दुसरा कारंजाच्या बॅकच्या खांद्यावर चढला. तिसऱ्यानं ठोसा चेंडूला मारला, बसला रेफरीच्या टोपीला. लाल कार्डं पत्त्यांसारखी पडायला लागली. जे उरले त्यांनी सहा वेळा चेंडू दांडीच्या वरून भिरकावला. एक तर शेजारच्या तुरीत गेला. कारंजानं शांतपणे चार गोल केले. आंजीचे सहाच खेळाडू उरले तेव्हा रेफरीनं सामनाच थांबवला.

चार-शून्य! प्रभाकरराव राजीनामा द्यायला माइककडे निघाले. तेवढ्यात डॅरननं त्यांना कवेत घेऊन जमिनीवरून उचललं! त्याच्या डोळ्यांत चक्क पाणी होतं. नागपूरहून नुकतीच पोचलेली यामिनी धावत आली.

"मामा, तो म्हणून राह्यला, छत्तीस-चोवीस. आपण जिंकलो!"

"ते कसं काय?"

"त्याच्या खेळात वरून गेलं तरी सहा. आपले सहा गेले, त्याइचे चार." मग तिनं आवाज बारीक केला. "हरलो ते सांगू नका त्याले. कोच झाल्यापासून त्याचा संघ एकही म्याच जिंकला नोता."

प्रभाकररावांनी डॅरनकडे पाहिलं. एवढा धिप्पाड गडी शाळेत पहिला आलेल्या पोरासारखा चमकत होता. राजीनामा तसाच ठेवून ते बक्षिसांच्या टेबलाकडे वळले. त्यांनी जिंकणाऱ्यांसाठी आणलेला झेंडूचा हार उचलला आणि जवायांच्या गळ्यात घातला. सगळी आंजी टाळ्या वाजवू लागली. का, ते कोणालाच माहीत नव्हतं.

कारंजाचे अध्यक्ष अण्णाजी कप छातीशी धरून गोंधळून उभे होते. "प्रभाकरराव, हरले तुम्ही, अन् हार तुमच्याच कोचाले?"

"अण्णाजी, आमी हरलो. पण जवाई जिंकले."

"मंग आमी काय झालो?"

प्रभाकररावांनी अण्णाजींच्या हातातल्या कपाकडे पाहिलं.

"ते मलेही समजून नाई राह्यलं. पण कप आता तुम्ही आणलाच आहे, तं घेऊन जा!"