आजी पास्ड

हर्षद नेरळच्या फ्लॅटमध्ये बसून अमेरिकेतल्या लोकांच्या विम्याचे फोन घेत असे. चार वर्षांत त्याला एक गोष्ट पक्की कळली होती : तिकडे कुणी मरत नाही, ‘पास’ होतं. ‘माय मदर पास्ड’ असं कानावर आलं की तो हळहळायचा आणि मृत्यूचा दाखला मागायचा.

त्यामुळे रविवारी सकाळी लोधिवलीहून चुलत बहिणीचा, अपेक्षाचा, इंग्रजीत मेसेज आला, ‘आजी पास्ड’, तेव्हा तो मटकन खाली बसला. दिवाळीपासून तो आजीकडे फिरकला नव्हता. अपेक्षा फोन उचलेना. त्याने कर्जतला संतोषकाकांना फोन लावला.

“काका, आजी गेली.”

“कुठं गेली?”

हर्षदला रडू फुटलं. मग काकांना समजलं. त्यांनी बॅनर छापणाऱ्या भाच्याला, कपिलला, तेवढं कळवलं आणि काका-पुतणे मोटारसायकलवरून निघाले.

लोधिवलीत अंगणात बाया जमलेल्या. हर्षद गर्दीतून वाट काढत आत गेला. मधोमध खुर्चीवर ठकूबाई आजी पेढे वाटत बसली होती.

“आलास? तुला कळलं व्हय रं?”

साक्षरता वर्गाचा निकाल लागला होता. अपेक्षाने वर्षभर शिकवलं आणि बहात्तराव्या वर्षी आजी परीक्षा पास झाली होती. हर्षद तिच्या मांडीवर डोकं ठेवून हुंदके देऊ लागला.

“आरं, पास झाले मी. नापास झाल्यावानी काय रडतोस?”

संतोषकाका पांढऱ्या फुलांची पिशवी घेऊन दारातच उभे होते. “सत्काराला आणलीत,” ते हळूच म्हणाले.

तेवढ्यात बाहेर कालवा झाला. कपिल टेंपोतून बॅनर घेऊन आला होता आणि कुणाला काही न विचारता त्याने तो फाटकाला बांधलाही होता. काका काढायला धावले.

“थांबा,” आजी म्हणाली. “मला वाचू द्या.”

काका बाजूला झाले. आजीने अक्षरावर बोट ठेवलं.

“भा... व... पू... र्ण...” पुढच्या जोडाक्षरापाशी ती बराच वेळ अडखळली, पण सोडलं नाही. हर्षदने मान खाली घातली. मग तिचं बोट नावावर आलं. आपल्या फोटोकडेही तिने नीट पाहून घेतलं.

“कपिल.”

“हां आजी.”

“ठकूचा कू दीर्घ हाय रं. नीट करून आण.” ती दोन पावलं आत गेली आणि वळली. “आन तारीख आताच घालू नको.”