झाकणाच्या आतल्या नऊ तारखा

घड्याळजींच्या हातून एकच गुन्हा घडला होता, प्रामाणिकपणाचा. कुणीतरी दुरुस्तीला टाकलेलं घड्याळ चोरीचं वाटलं, म्हणून ते आपणहून पोलीस ठाण्यात देऊन आले. झालं! चोर राहिला बाजूला आणि चौकशी सुरू झाली ती यांचीच.

रोज सकाळी दहाला हवालदार निरोप घेऊन हजर. लेखी काही नाही. दिवसभर बाकावर बसायचं, मग ठाण्याचे साहेब टेबलावर मूठ आपटून विचारणार, "बोल, साथीदार कोण?"

"एक बायको आहे. पण ती दुकानात येत नाही," घड्याळजी म्हणायचे.

संध्याकाळी ठरलेलं वाक्य, "उद्या ये!"

दुकानाला कुलूप लागलं. तीस वर्षांची गिऱ्हाइकं रस्त्यात तोंड फिरवू लागली. घड्याळजींना जेवण गोड लागेना. शेवटी वकील असलेली मेव्हणी कडाडली, "भाऊजी, पुरे झालं हे! उच्च न्यायालयात याचिका टाकते."

न्यायालयात साहेबांनी शपथेवर साफ कानांवर हात ठेवले. "छळ कसला? एकदाच बोलावलं होतं. वर चहा पाजला." ठाण्याच्या नोंदवहीतही एकच नोंद!

मेव्हणीचा चेहरा उतरला. ती कुजबुजली, "भाऊजी, एखादा तरी पुरावा?"

घड्याळजी डोकं खाजवत होते. तेवढ्यात त्यांची नजर साहेबांच्या मनगटावर गेली. ते तडक उभेच राहिले. "महाराज, साहेबांचं घड्याळ जरा उघडू का?"

"त्याचा इथे काय संबंध?" साहेबांनी हात पाठीमागे नेला.

"द्या काढून," न्यायमूर्ती म्हणाले.

घड्याळजींनी खिशातून हत्यार काढलं, झाकण उघडलं आणि भिंगासकट वर पाठवलं. "मला रिकामं बसवत नाही. साहेबांचं घड्याळ रोज बंद पडायचं, रोज माझ्याच हातात द्यायचे. आणि घड्याळ उघडलं की झाकणाच्या आत तारीख कोरायची, ही आमच्या धंद्याची रीत आहे."

न्यायमूर्ती भिंगातून वाचू लागले. ओळीने नऊ तारखा!

"पण हे रोज बिघडायचं कसं?"

"मूठ आपटायचे ना, महाराज. नेमकी डावी."

न्यायमूर्तींनासुद्धा हसू आवरेना. निकाल तिथल्या तिथे लागला: लेखी नोटिशीशिवाय बोलवायचं नाही, बोलावलं तर वकील सोबत, आणि खोट्या शपथेबद्दल साहेबांचीच चौकशी. मेव्हणीने भर न्यायालयात टाळी वाजवली आणि तंबी खाल्ली. घड्याळजींना मात्र रडू फुटलं.

दुसऱ्या दिवशी दुकानासमोर ही रांग! तोंड फिरवणारे सगळे हसतमुखाने घड्याळं घेऊन उभे. दहाच्या ठोक्याला साहेबही आले, खाली मान घालून. निकाल ऐकून घरच्या टेबलावर मूठ आपटली होती म्हणे.

"बसा," घड्याळजींनी बाक दाखवला.

साहेब बसले. दुपार झाली, ऊन कललं, रांग संपली. घड्याळजींनी शांतपणे दिवा मालवला आणि कुलूप हातात घेतलं.

"अहो, माझं घड्याळ?"

"तपास चालू आहे, साहेब," घड्याळजी म्हणाले. "उद्या या."