तालमीच्या दाराची कैफियत

श्री. ज्याने डोळ्यांस पापण्या दिल्या आणि त्या उघडणे-मिटणे ज्याचे त्याचे स्वाधीन ठेविले, त्या जगन्नियंत्यास नमस्कार करोन, शके एकोणीसशे एकेचाळीस, विकारी नाम संवत्सर, ते साली आमचे राज्यी बंदीखान्याचे कामी जे अपूर्व वर्तले ते लिहितो. लिहिणार हुजूर दप्तरातील एक कारकून, नावाचे प्रयोजन नाही. धन्याची स्तुती जेथे करावी तेथे केली आहे, आणि जेथे हसू आले तेथे ते दाबिले नाही, याची क्षमा असावी.

पूर्वी थोरल्या महाराजांचे वेळेस बंदीखाना म्हणजे गडाच्या पोटातील एक खोल भोक. वरून दोरीने माणूस सोडावा, आणि दोरी ओढून घ्यावी, मग अन्नाची टोपली सोडावी, ती कोणत्या वारी सोडावी हे टोपलीवाल्याच्या स्मरणावर. मग त्यांचे चिरंजीव गादीवर आले, ते दयाळू, त्यांणी म्हटले की माणसास भोकातून टाकणे राज्यास शोभत नाही, आणि त्यांणी कोठड्या बांधून दारे केली, आणि दारे जाहली म्हणोन कुलुपे जाहली, आणि कुलुपे जाहली म्हणोन पहारेकरी जाहले, मग पायी बेड्या आणि हाती चक्की. मग नातू आले, त्यांस बेड्यांचा खळखळाट सोसेना, त्यांणी बेड्या तोडविल्या आणि सतरंज्या विणविल्या, आणि मुळाक्षरे शिकविणारे पंतोजी नेमिले, आणि वैद्य नेमिला, आणि एक भजने शिकविणारा नेमिला, त्याचा आवाज बसलेला होता. मग भिंतींस काचेचे डोळे बसविले, ते आठही प्रहर पाहतात आणि कंटाळत नाहीत. आणि भेटीस आलेल्यांशी जाळीआडून ओरडावे लागे, तेथे बोलका आरसा आणिला, त्यात शंभर कोसांवरील बायको दिसते, मात्र तोंड हलते आधी आणि शब्द येतो मागाहून. सरतेशेवटी हल्लीच्या महाराजांनी बंदीखाना हे नावही काढून टाकिले आणि वेशीवर 'सुधारगृह' अशी पाटी लाविली. पाटी रंगविणारा बंदीच होता. डाळ मात्र तीच राहिली.

त्या सुधारगृहात कुसाजी लवटे नामे बंदी होता. तरणा असता पाटाच्या पाण्यावरून भाऊबंदाशी कज्जा जाहला आणि फावड्याचा घाव वर्मी बसोन माणूस मेला. कुसाजीने काही नाकबूल केले नाही, आणि एकोणीस वर्षे शिक्षा भोगिली, आणि त्यात कोणाशी वाकडा शब्द बोलिला नाही. त्याची बायको गिरजाई दर महिन्यास तीन कोस चालोन भेटीस येई, आणि बोलका आरसा आल्यावरही चालतच येई. पहारेकरी म्हणत, बाई, गावच्या चावडीत आरशापुढे बसोन बोला की. तेव्हा ती म्हणे, "त्या आरशातल्या मानसाला घाम येत न्हाई. मला त्यो खरा वाटत न्हाई." मग चैत्रमासी कुसाजीची चांगली वर्तणूक पाहोन सुटकेचा कागद जाहला, आणि घरी वर्दी पोहोचण्याआधी माणूसच सुटला, कारण आमचे दप्तराची चाल सर्वश्रुत आहे. कुसाजी गाठोडे घेऊन दोन प्रहरी आपले घरी पोहोचला. दार नुसते लोटलेले होते, आत गिरजाई तांदूळ निवडीत बसली होती, आणि आळीतली माणसे शेतात गेली होती. कुसाजीने गाठोडे ओट्यावर ठेविले, आणि दारापासोन दोन पावले मागे सरला, आणि भिंतीकडे तोंड करोन उभा राहिला, जशी आतली रीत होती. उभा राहिला तो उभाच. दिवस कासराभर उरला तेव्हा कोठड्या बंद करावयाची वेळ होत आली ऐसे त्याचे मनी आले, आणि तो जैसा आला तैसा तीन कोस माघारा गेला आणि सुधारगृहाच्या वेशीपुढेही तसाच भिंतीकडे तोंड करोन उभा राहिला. काचेच्या डोळ्याने पाहिले, मग पहारेकऱ्यांनी वेस उघडिली. इकडे गिरजाईने पाणी आणावयास दार उघडिले तो ओट्यावर नवऱ्याचे गाठोडे, आणि नवरा नाही.

हे वर्तमान दरबारी येताच बहुत नवल जाहले. अंताजीपंत कारभारी, मोठे चौकस पुरुष, स्वतः सुधारगृही गेले, सेवकास लिहिणे घेण्यास संगती नेले, आणि कुसाजीस पुढे घेऊन पुसते जाहले, "अरे, आपल्या घरी गेलास, मग आत का गेला नाहीस?" कुसाजी म्हणाला, "दार लावल्यालं व्हतं, सायेब." पंत म्हणाले, "मग उघडावे." तेव्हा कुसाजी पंतांचे तोंडाकडे पाहोन म्हणाला, "म्या?"  मग चौकशी करिता असे निघाले की या माणसाने एकोणीस वर्षांत एकाही दारास हात लाविला नव्हता. दार आले की सरावे, तोंड फिरवावे, कोणी उघडील तो थांबावे, इतकेच. सेवकास हे खरे वाटेना. म्हणोन त्या दिवशी घरी येऊन आपण किती दारे उघडितो ते मोजिले, ती निजेपर्यंत सत्तावीस भरली, आणि त्यांतली दोन कशाकरिता उघडिली हे स्मरेना. कुटुंबाने पुसिले, आज दारांशी काय चालविले आहे. सेवक म्हणाला, सरकारी काम आहे.

महाराजांनी सर्व ऐकोन आज्ञा केली की जो सुटोन दोन वेळा आपल्या पायांनी परत येईल तो बाहेर नांदण्यास असमर्थ जाणावा आणि त्याचे कल्याणार्थ त्यास जन्मभर आतच ठेवावा. कल्याण हा शब्द कागदावर सुरेख दिसला. कुसाजीची एक खेप जाहली होती. दुसरी सुटका दसरा जाहलियावर ठरली, म्हणजे जे काय शिकावयाचे ते सहा महिन्यांत. मग अंताजीपंतांनी युक्ती काढिली की पोहणे पाण्यात शिकवितात, तैसे दार दारावरच शिकवावे, आणि सुधारगृहाच्या पटांगणात मध्यभागी एक दार चौकटीसह उभे करावे, भोवती भिंत नाही, वर छप्पर नाही, आणि ज्यांची सुटका जवळ आली त्यांणी रोज ते उघडून पलीकडे जावे. काम गोमाजी सुतारास सांगितले. गोमाजी बावीस वर्षांचा जुना बंदी, हात सोन्यासारखा, त्याने सागाचे दार केले ते असे की केसभर फट नाही. मग सुधारगृहाचे मुख्य निळो नाईक दाराशी उभे राहिले. नाईक तीस वर्षांचे चाकर, कमरेस चाव्यांचा जुडगा, मनाचे वाईट नव्हेत, परंतु आवाज असा की कुत्रीही बाजूस होत. ते म्हणत, "हं, उघड!" की बंदी कडी काढून दार उघडी आणि पलीकडे जाई. महिनाभरात एकतीस माणसे तयार जाहली, आणि कुसाजीही उघडू लागला, आणि पंतांनी हुजूर लिहून पाठविले की दाराची विद्या साध्य जाहली. सेवकानेच तो कागद लिहिला, आणि अक्षर बरे आले होते.

मग ज्येष्ठमासी गिरजाई भेटीस आली. पटांगणात एकटेच दार उभे पाहोन तिणे पुसिले, हे काय, आणि नाईकांनी मोठ्या अभिमानाने सांगितले. ती जवळ गेली. दाराभोवती एक प्रदक्षिणा घातली, मग पलीकडच्या अंगास उभी राहोन फळीवरोन वरपासोन खालपर्यंत हात फिरविला, आणि म्हणाली, "नाईक, कडी कुठं हाये?" नाईक म्हणाले, "ही काय, पुढे आहे." ती म्हणाली, "ती भाईरची. आतली कुठं हाये?" नाईक पलीकडच्या अंगास आले. ती म्हणाली, "आनि ह्यो डोळ्याएवढा झरोका कशापायी? घरात बसल्यालं मानूस बघाया?" तेव्हा सर्वांनी दार पाहिले. गोमाजी सुताराने बावीस वर्षे जशी दारे केली तसेच हेही केले होते, कडी बाहेर, झरोका डोळ्याच्या उंचीस, आणि आतून फळी नितळ. आणि नवल हे की नाईकांनी ते रोज पाहिले, पंतांनी पाहिले, सेवकाने पाहून लिहिले, आणि कोणास काही उणे दिसले नाही. काखेत कळसा आणि गावाला वळसा. गोमाजी तर फळीवर हात ठेवून म्हणाला, "आयला, घराचं दार कसं असतंय त्येच इसरलो." हे ऐकोन सेवकास वाईट वाटले. गिरजाई म्हणाली, "भाईरची कडी गावाला जाताना. ऱ्हायाची कडी आतनं असती. ह्यांस्नी तुम्ही दार न्हाई शिकवीत, पहारा शिकवताय."

पंतांनी लगेच आतून कडी बसविण्याची आज्ञा केली, तो नाईक आडवे आले. म्हणाले, "आतून कडी दिली आणि यांणी लावून घेतली, मग मी कोणाच्या तोंडाकडे पाहू?" आणि कायद्याचे पुस्तक काढिले, त्यात नातू महाराजांचे वेळचे कलम निघाले की हद्दीचे आत कोणत्याही दारास आतून कडी असो नये. दरबारी आठ दिवस खल जाहला. कलम मोडावे तर राजआज्ञा मोडते, कडी न द्यावी तर विद्या अपुरी राहते. शेवटी पंत म्हणाले, कलम हद्दीचे आतले आहे ना, मग दार हद्दीबाहेर न्या. आणि तसेच केले. दार उपटून तटाबाहेर पडीक माळावर रोविले, आतून पितळी कडी दिली, झरोका बुजविला, आणि रोज सकाळी बारा बंदी तटाबाहेर तालमीस जाऊ लागले. नाईकांस पहिले चार दिवस अन्न गोड लागेना, म्हणत, पळाले तर? कोणी पळाले नाही. मग गोमाजी म्हणाला की दार उन्हाने तडकते, यास भिंती पाहिजेत, आणि भिंती जाहल्या, मग पावसाकरिता छप्पर, मग छपराखाली चूल, आणि माळ रिकामा दिसतो म्हणोन भाजी लाविली. हल्ली तेथे बिनतटाची वसाहत आहे आणि परमुलखीचे लोक पाहावयास येतात. त्यांस आमचे अधिकारी सांगतात की ही योजना बहुत दूरदृष्टीने काढिली. दप्तरात एका कडीचे कारण लिहिले आहे, ते कोणी वाचीत नाही.

परंतु कुसाजीचे गाडे कडीशी अडले. दार तो उघडी, तेही नाईकांनी "उघड" म्हटल्यावर, आणि आत जाऊन कडीवर हात ठेवी आणि मागे घेई. गिरजाई भेटीस आली तेव्हा तिणे पुसिले, "का ओ?" कुसाजी म्हणाला, "कुनाला कोंडायचं?" ती म्हणाली, "कुनालाच न्हाई." तो म्हणाला, "मग कशाला लावायची?" ती म्हणाली, "आपुन आत हाय म्हनून." कुसाजीस हे उमगले नाही. दसरा जवळ आला तो त्याची कडी एकवेळही लागली नव्हती.

मग दसरा जाहलियावर तिसरे दिवशी कुसाजी सुटला. हुजूर आज्ञा की नाईकांनी आणि सेवकाने मागोमाग जावे, बोलो नये, हात लावो नये, घरात गेला तर कागदावर त्याचा अंगठा घ्यावा, माघारा फिरला तर संगती घेऊन यावे. आम्ही दोघे घरासमोरील चिंचेखाली बसलो. दार लोटलेले होते. आत गिरजाई आहे हे सर्वांस ठाऊक. कुसाजी ओट्यावर चढला, दोन पावले मागे सरला आणि भिंतीकडे तोंड करोन उभा राहिला. घटका गेली, दोन गेल्या. सेवकाचे पाय अवघडले. नाईकांचे ओठ हलू लागले, आणि तोंडून "उघड" निघेल या भयाने त्यांणी उपरण्याचा पदर दातांत धरिला. पुढे गिरजाईने सेवकास सांगितले की ती आत दाराकडे तोंड करोन बसली होती आणि दोन्ही हात मांड्यांखाली दाबिले होते, कारण हात मोकळे असते तर तिणे उठोन उघडिलेच असते, आणि मग तो आपल्या हाताने घरी आला नसता, एकोणीस वर्षे ज्याकरिता वाट चालली ते गेले असते. दिवस कासराभर उरला. कुसाजीने मान वळवून उन्हाकडे पाहिले. मग ओट्यावरोन उतरला आणि वाटेस लागला. दहा पावले चालला. नाईकांनी डोळे मिटिले, आणि ज्याच्या आवाजाने कुत्रीही बाजूस होत त्या माणसाच्या गालावर सेवकाने पाणी पाहिले.

मग कुसाजी थांबला. का थांबला हे मी मागाहून बहुत वेळा पुसिले, त्यास सांगता आले नाही. इतकेच म्हणाला की आतून कांदा परतल्याचा वास येत नव्हता, म्हंजे ती उपाशी बसली असेल. तो माघारा वळला, ओट्यावर चढला, दाराजवळ गेला, आणि हात लाविला. दार करकरले. तो आत गेला, आणि दार लोटले गेले, आणि मग काही वेळ काहीच नाही.  मग आतून कडी लागल्याचा आवाज आला, पहिल्या खेपेस नीट बसली नाही म्हणोन पुन्हा.

नाईक उठले. कागद अंगठ्यावाचून अपुरा, म्हणोन ओट्यावर गेले आणि सवयीने कमरेच्या जुडग्यास हात घातला, मग स्वतःशीच हसले आणि दार वाजविले. आतून कुसाजीचा आवाज आला, "कोन हाये?" नाईक म्हणाले, "मी नाईक. कागदावर अंगठा पाहिजे." आत कुजबूज जाहली. मग कुसाजी म्हणाला, "उद्या या."

निळो नाईक दारापासोन दोन पावले मागे सरले आणि उभे राहिले. मी म्हटले, चला, नाईक. ते म्हणाले, थांब जरा, आणि आणखी थोडा वेळ त्या बंद दाराकडे पाहत राहिले.

एवं कैफियत. भोकापासोन दारापर्यंत यावयास या राज्यास दोन पिढ्या लागल्या, आणि बाहेरच्या कडीपासोन आतल्या कडीपर्यंत आणखी दोन. अंगठा दुसरे दिवशी मिळाला. सेवकाने त्या संध्याकाळच्या कागदावर एवढेच लिहिले, ते येथे उतरून हे लिहिणे पुरे करितो: बंदी घरी पोहोचला. दार आतून लावले आहे.