त्रिंबकपंतांस मुक्या मुलखात वन्समोर मिळाला त्याची हकीकत

श्रीनटेश्वर साक्ष. सूर गेला तरी ताल सुटू न देणाऱ्या दैवतास नमन करून लिहिले ऐसे जे, शके अठराशे अठ्ठेचाळीस, क्षयनाम संवत्सरी त्रिंबकपंत केळशीकर नाटकाचे राज्य सोडून मुक्या मुलखात चाकरीस गेले. त्यात पंतांचा लाभ कोणता, तो आधी सांगणे प्राप्त. पंत म्हणजे नाटकाच्या राज्यातील गवई राजे. त्यांच्या पदाखेरीज कधी पडदा पडला नाही. परंतु आदल्या साली विषमज्वर आला आणि जाताना गळा घेऊन गेला. ही बातमी पेटीवाले अंतोबा पेडणेकर यांखेरीज कोणास नव्हती. कां की साथीदाराचा धर्म ऐसा, की गाणाऱ्याचे उणे पेटीत झाकावे, आणि अंतोबांनी ते झाकिले होते. आता मुक्या मुलखात, म्हणजे हलत्या चित्रांच्या राज्यात, माणसे दिसतात आणि बोलत नाहीत. तेथे गळा गेलेला कळत नाही आणि तो आहेच ऐसे जगास वाटत राहते: इतुका लाभ. अंतोबा मसलतीत वदले, "पंत, तिकडे ओठ हलविले की झाले. ऐकायला येतो कोण?"

"आणि तू रे?"

"मी पडद्यापुढे पेटी घेऊन बसेन. तुमचे ओठ पाठ आहेत मला."

मग पंत चित्रात राजे होऊन उभे राहिले, आणि आपलेच जुने पद ओठांनी गाइले, आणि चित्र गावोगाव फिरले, आणि अंतोबा खाली बसून तेच पद वाजवीत. आणि ज्यांनी पूर्वी पंतांस ऐकिले होते त्यांस चित्रातूनही आवाज येऊ लागला, आणि ज्यांनी ऐकिलेच नव्हते ते तर अधिकच डोलू लागले. मग मार्गशीर्षमासी नदीकाठच्या एका थोर नगरी मुक्या मुलखाचे अधिपती भाईशेट यांनी पंतांस मिरवीत आणिले आणि पुढच्या खुर्चीवर बसविले. पद सरले आणि रयतेने "वन्समोर!" ऐसी आरोळी दिली. चित्रास वन्समोर, हे कोणाच्या ऐकिवात नव्हते. यंत्रवाला फीत उलटी गुंडाळू लागला, त्यास्तव दिवे लाविले, आणि उजेडात पंत दिसले.

"अहो, पंत खासे बसलेत! फीत कशाला? पंत, होऊन जाऊ द्या!"

तेसमयी पंतांनी हात जोडावे, घसा धरला म्हणावे, इतुके शहाणपण पुरे होते. परंतु वन्समोर कानी पडला असता नाटकवाल्याचे पाय धन्यास विचारीत नाहीत. पंत उठले. पहिलाच सूर कोरड्या रहाटासारखा आला. तो पहिल्या रांगेस पोहोचण्याआधी अंतोबांनी ऐकिला, आणि भाता ऐसा मारिला की थिएटर पेटीने भरून गेले, आणि पंतांचे ओठ हलत राहिले, आणि गळ्याच्या शिरा तट्ट फुगल्या, आणि आवाज काही वर येईना. रयत खवळली.

"ओ पेटीवाले, हळू!"

"जन्मात एकदा पंत समोर उभे राहिले, आणि हा मेला बडवतोय!"

"अंतोबा, बंद कर!" खुद्द भाईशेट ओरडले.

अंतोबांनी मान वर केली नाही. वहाणा आल्या, एक कपाळावर बसली, तरी शेवटची सम गाठूनच बोटे उचलिली. मग टाळ्या पंतांस आणि शिव्या अंतोबांस ऐसी वाटणी जाहली, आणि भाईशेटांनी तेथल्या तेथे अंतोबांस चाकरीतून दूर केले. पंतांनी बोलावयास तोंड उघडिले, तो गळ्यात हार पडला.

मागल्या दारी पंत घोगऱ्या स्वरे म्हणाले, "अंतोबा, मी लोकांस खरे सांगतो."

अंतोबा कपाळ पुशीत वदले, "सांगा की. पण कोणत्या आवाजात?"

अंतोबा पेटी काखोटीस मारून चालते जाहले.

एकूण बेरीज ऐसी. रयतेस पंतांचे गाणे समोर ऐकिल्याचे भाग्य लाभले, ते न ऐकिता. भाईशेटांचा दरारा वाढला. पंतांस गेलेला गळा परत मिळाला, तो लोकांच्या तोंडी. तेथे तो मरेतो शाबूत राहिला. आणि पुढे कोणत्याही मंडळीने अंतोबांस पेटीवर बसविले नाही. दारी गेले की म्हणत, "पंतांचा आवाज बुडविला, तो हाच." अंतोबा म्हणत, "होय, तो मीच."