एक्केचाळीस वेळा मेलेले शेजारी

आमचे शेजारी ड्रागोसाहेब रोज सकाळी साडेनऊला मरत. रविवारी सुट्टी.

मरायची त्यांची पद्धत ठरलेली. आधी टोपी काढून फाटकावरच्या पत्रपेटीवर ठेवायची, टोपीत चष्मा. मग तीन पावलं मागे, छातीवर हात, आणि धाडकन हिरवळीवर. पडल्या पडल्या स्वतःच म्हणायचे, "कट. पुन्हा."

मला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. दोन हजार तीनच्या सुमारास मी लेकीकडे हिल्सबरोला आले, तेव्हा बासष्ट वर्षांची होते, म्हणजे अक्कल यायची होती. तिसऱ्याच दिवशी स्वयंपाकघराच्या खिडकीतून हा माणूस कोसळताना दिसला. मी काय करावं? आधी साडी नेसले. परक्या देशात मयताला गाऊनवर कसं जायचं? निऱ्या सारख्या करून पोचले तर मयत गुलाबांना पाणी घालत होतं.

"तुम्ही आत्ता पडलात ना?"

"हो. आज घाईत मेलो. नीट जमलं नाही."

संध्याकाळी फार्मसीतून आलेली लेक म्हणाली, "अगं आई, ते युगोस्लाव्हियातले सिनेमानट आहेत." मी नातीच्या नकाशात तो देश शोधायला बसले. सापडेना.

"आजी, इट्स गॉन," नात म्हणाली.

देश कसा काय जातो, हे मला आजतागायत कळलेलं नाही. ड्रागोसाहेबांना विचारलं, तर तेही खांदे उडवून म्हणाले, "मलाही नाही कळलं."

नातीच्या हाका ऐकून ते मला 'मॅडम आजी' म्हणायचे. माझं इंग्रजी सोलापूरचं, त्यांचं बेलग्रेडचं. इतर कुणाला कळत नसे, आमचं छान चालायचं.

एकदा त्यांनी मला आपला सिनेमा बघायला बोलावलं. मी चिवडा घेऊन गेले. कॅसेटवर बर्फ, धूर, धावाधाव. कोण कुणाला मारतंय याचा पत्ता लागेना. शेवटी एका देखण्या तरुणाकडे बोट दाखवून म्हटलं, "काय रुबाब होता हो तुमचा."

"तो हिरो," ते म्हणाले. "थांबा. हा मी."

पुलावर एक जर्मन अधिकारी आला, गोळी लागली, नदीत पडला. दुसऱ्या कॅसेटमध्येही जर्मन अधिकारीच, फक्त पडला जिन्यावरून.

"म्हणजे तुम्ही जर्मन?"

"छे. उंच होतो. आणि त्यांचे बूट माझ्या मापाचे होते." चिवड्यातले शेंगदाणे वेचत ते म्हणाले, "एक्केचाळीस सिनेमे, एक्केचाळीस वेळा मेलो. दर वेळी थिएटरभर टाळ्या. माझी आईसुद्धा वाजवायची."

"आणि बायको?"

"ती मार्क द्यायची. दहापैकी. ती गेली, आता रोज मरतो, पण मार्क नाहीत."

ते काम मी घेतलं. साडेनऊला खिडकीतून बोटं दाखवायची. सातच्या वर सहसा गेले नाही, शेफारले असते. पण एक घोर लागला. हा माणूस घरात एकटा. उद्या खरोखरच पडला आणि मी खिडकीत बसून सहा बोटं दाखवत राहिले तर?

"सोपं आहे," ते म्हणाले. "टोपी बघा. खरं मरताना कोण टोपी काढून ठेवतो?"

तेव्हापासून मी आधी पत्रपेटी बघायची, मग माणूस.

ऑगस्टमधली गोष्ट. बंदराकडून भन्नाट वारा सुटला होता. मी चहा गाळत होते. बाहेर ड्रागोसाहेब आडवे, आणि पत्रपेटी रिकामी.

मी गाऊनवर, एका पायात जँडल म्हणजे इथली रबरी चप्पल, अशी पळाले. ओल्या गवतात बसून त्यांना गदागदा हलवलं. "अहो ड्रागोसाहेब, उठा हो, मी दहा देते," असं काहीबाही चक्क मराठीत बोलत होते.

त्यांनी एक डोळा उघडला. "टोपी वाऱ्याने गेली," म्हणाले. कुंपणात अडकलेली ती मलाही तेव्हाच दिसली. मग त्यांनी माझा चेहरा नीट पाहिला.

"मॅडम आजी, तुम्ही रडताय?"

"छे. कांदा चिरत होते."

माझ्या हातात चहाचं गाळणं होतं. त्यांनी ते पाहिलं. पण 'कट' म्हणाले नाहीत, उठलेही नाहीत. डोळे पुन्हा मिटून घेतले आणि हळूच म्हणाले,

"मग अजून थोडा चिरा."