मुरायला घातलेलं ऊन

गंगाखेडचे मल्लाप्पा लोणच्याच्या बरण्यांत ऊन मुरवायचे. अंगणात बायकोच्या, नीलाक्काच्या, सात बरण्या ओळीनं मांडलेल्या, प्रत्येकीच्या तोंडाला फडकं, आणि फडक्यातून निघालेल्या तारा पत्र्यावरच्या, उन्हावर वीज करणाऱ्या तडकलेल्या सौरपाटीला जोडलेल्या. ती पाटी त्यांनी परभणीच्या भंगारातून आणली होती. बरण्यांत मिठाचं पाणी, कोळसा आणि जस्ताच्या पट्ट्या.

एकदा शेजारच्या शांताबाई वाटी घेऊन आल्या. "अप्पा, नीलाक्काच्या बरण्या दिसल्या अन् तोंडाला पाणी सुटलं. एक फोड द्या की."

"फोड कुठली? ऊन हाय त्यात."

"मग ऊनच द्या, भाकरीसंगं खाते."

"मुरायचंय अजून," अप्पा गंभीरपणे म्हणाले.

हे त्यांचं ठरलेलं उत्तर. भात कच्चा राहिला, मुरायचाय अजून. एसटी आली नाही, मुरायचीय अजून.

मी राणीसावरगावचा, घरातला पहिलाच कॉलेजात गेलेला. अप्पांनी मला ओसरीलगतची खोली दिली, हे उपकार मी विसरलेलो नाही. त्यांचा जन्म ट्रॅक्टरच्या बॅटऱ्या चार्ज करण्यात गेला होता. ॲसिड उडून उडून धोतराची पार चाळणी झालेली. "बीएस्सी," ते मला म्हणायचे, "तेजाब माणसाचं धोतर खातंय. मीठ मात्र माणूस खातो. मग ऊन कशात साठवावं, सांग."

विद्यापीठाच्या नामांतराच्या त्या वर्षांत परीक्षा सारख्या पुढे जायच्या. दुपारभर मी बरण्यांपाशी बसून राही. फडकं उचललं की मिठाच्या पाण्यात आभाळ हलायचं, आणि वाटायचं, खरंच काहीतरी मुरतंय. तरी प्रामाणिकपणे पुस्तक उघडून सांगितलं, "अप्पा, मिठाची बॅटरी यात नाही."

"मग पुस्तकच मुरायचंय अजून!"

त्यांचा हट्ट एकच होता: घरातल्या बिनखिडकीच्या स्वयंपाकघरात या उन्हाचा दिवा लागला पाहिजे. भरदुपारीही तिथं चाचपडावं लागे.

चैत्रातल्या एका दुपारी त्यांनी मला हाक मारली. तारा आत, चुलीपर्यंत ओढल्या होत्या. टॉर्चचा इवलासा बल्ब त्यांनी भिंतीपाशी धरला, तारेला तार टेकवली. बल्ब लाजल्यासारखा तांबूस झाला.

तेवढ्या उजेडात भिंतीवर हळदीच्या बोटांचे ठसे दिसले. खूप सारे, एकावर एक.

"नीलाक्का अंधारात डबा चाचपायची," अप्पा म्हणाले. "म्हणायची, अंगणात एवढं ऊन वाया जायलंय, थोडं आत आणा की. मी म्हणलं, आणतो."

नीलाक्काला जाऊन वर्ष झालं होतं. मी नको तेच बोललो. "अप्पा, इथं खिडकी पाडली असती तर?"

बल्ब विझला.

"ती असताना सुचलं न्हाई रं," ते म्हणाले. "अन् आता खिडकी पाडायची तर हीच भिंत हाय."

मग तारा गुंडाळून ते बरण्या सारख्या करायला उन्हात गेले.