सशाचं घर आणि घड्याळजींची खोली

"आणखी एक पट्टा! आणखी एक पट्टा गिळला या हरामखोरानं!" घड्याळजींनी कुरतडलेला चामडी पट्टा बायकोच्या नाकासमोर नाचवला. "गिऱ्हाइकाला काय सांगू? घड्याळ दुरुस्त झालं, पट्टा तेवढा सशाच्या पोटात आहे?"

"मग अंगणात त्याचं घर बांधा," बायको थंडपणे म्हणाली. "लेकीनं हौसेनं आणलाय. उघड्यावर नाही सोडायचा."

घड्याळजींचं दुकान म्हणजे घरातली पुढची खोली. टेबल, दिवा आणि शांतता, एवढंच काय ते त्यांचं साम्राज्य. शांतता ससा आला त्याच दिवशी गेली होती. आता पट्टेही जायला लागल्यावर खोली परत मिळवणं भागच होतं. सुताराला बोलवायचं? छे! केसाएवढे स्क्रू बसवणाऱ्या माणसानं चार फळ्यांसाठी कुणाचे पाय धरायचे? त्यांनी स्वतःच करवत उचलली.

"नुसतं घर कशाला? खाली गवताला कप्पा करा," बायको म्हणाली. बरोबर होतं, केला. मग गवताशेजारी बादल्या आल्या, झाडू आले. मग आई आली.

"अरे, माझी जास्तीची पांघरुणं पण मावतील की."

"आई, पांघरुणं सशाजवळ?"

"तो निदान मला न विचारता कुणाला देऊन टाकणार नाही," आई सुनेकडे बघत म्हणाली.

लेकीला सायकल ठेवायची होती. सायकलीसाठी उंची वाढली आणि छप्पर एका रेषेत हवं म्हणून सशाची जाळीची खोलीही माणसाच्या उंचीची झाली. घड्याळजींनी प्रत्येक झाकण असं चपखल बसवलं की धुळीचा कण आत जाईना. येणाऱ्याजाणाऱ्याला ते हे घर दाखवत सुटले.

मेहुणा धंद्यानं सुतार. तो आला, त्यानं वर पाहिलं, खाली पाहिलं. "दाजी, ससा राहणार की भाडेकरू ठेवताय?"

"जळा!" घड्याळजी कडाडले. "जळा नुसते!"

सशाला थाटात आत सोडलं. ससा कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून बसला तो बसलाच. गाजर नको, पाला नको. ते बघून लेकीनंही ताट सरकवलं.

"लेकरानं अन्नाला तोंड लावलं नाही रे सकाळपासून," आई म्हणाली.

"कोणत्या लेकरानं?"

"दोन्ही!"

बायको तडक उठली, तिनं ससा उचलला आणि पुढच्या खोलीत सोडला. टेबलाखाली पाय ताणून त्यानं गाजर कुरकुर खायला सुरुवात केली.

"अगं, आणि माझी घड्याळं? माझे पट्टे?"

"तुम्हीच सांगत होता ना, कप्प्यांत धूळ जात नाही, पाणी जात नाही, कडी पक्की लागते?"

"सांगत होतो! पण ते..."

"मग झालं तर. टेबल धरा त्या बाजूनं."

आता घड्याळजी जाळीमागे भिंग लावून बसतात. संताप जिरवायला त्यांना दुसरी जागाच नाही. त्यात गिऱ्हाईकं खूश. "बरं केलंत, इथे उजेड चांगला आहे," असं वर म्हणतात, तेव्हा तर त्यांच्या अंगाचा तिळपापड होतो.

काल बायकोनं चहाचा कप आत सरकवला आणि दार ओढून घेतलं.

"अहो, वाऱ्यानं हे सारखं आपटतं आणि तिकडे ससा दचकतो," ती म्हणाली. "जेवायची वेळ होईपर्यंत बाहेरून कडी लावून ठेवते हं."